एक सोडून एक उलटा

पन्नासच्या दशकात अमेरिकेतल्या मोठ्या शहरांच्या रस्त्यांखाली टेलिफोनच्या केबलींना जागा उरत नव्हती. नव्या टाकायच्या तर रस्ते खणायचे, आणि तो खर्च परवडणारा नव्हता. तेव्हा न्यू जर्सीतल्या बेल लॅब्जच्या अभियंत्यांनी ठरवलं, की आहे त्याच तांब्यातून जास्त संभाषणं न्यायची. आवाजाचे सेकंदाला 8000 नमुने घ्यायचे, त्यांचे एक आणि शून्य करायचे, आणि तारांच्या दोन जोड्यांवरून एकदम 24 संभाषणं पाठवायची. आवाजाचे असे आकडे करण्याची कल्पना अभियंता ॲलेक रीव्ह्ज यांना 1937 मध्ये पॅरिसमध्ये सुचली होती, पण ती व्यवहारात यायला ट्रान्झिस्टर जन्मावा लागला.

हिशेब आला सेकंदाला 15,44,000 बिट. तार मात्र माणसाच्या आवाजापुरती टाकलेली.

एक असेल तर स्पंद सोडायचा, शून्य असेल तर गप्प राहायचं, ही सगळ्यात सोपी रीत. ती मॅनहोलमध्ये अडली. क्षीण होत जाणारा सिग्नल दर 6000 फुटांवर नव्यानं घडवायला तिथे रिपीटर हवा होता, आणि त्याला वीज त्याच तारांतून पुरवायची होती. वीज आणि सिग्नल वेगळे करायला ट्रान्सफॉर्मर आला. ट्रान्सफॉर्मर एकाच दिशेचा स्थिर प्रवाह पुढे जाऊ देत नाही. सगळे स्पंद धनच असले, की सिग्नलची आधाररेषा एकांच्या गर्दीत खाली घसरते, शून्यांच्या ओळीत परत वर येते. एक कुठला आणि शून्य कुठलं हे ठरवणारी पातळी जागची हलत नाही. रिपीटर चुकतो, आणि ती चूक ठसठशीत करून पुढच्या रिपीटरकडे धाडतो.

यातून सुटका करणारी युक्ती एका वाक्यात मावते: पहिला एक धन पाठवा, दुसरा ऋण, तिसरा पुन्हा धन. शून्य शून्यच राहील. धन-ऋणाची बेरीज सतत फिटत राहते, त्यामुळे स्थिर प्रवाह उरतच नाही आणि आधाररेषा जागेवर राहते. सांगायच्या गोष्टी दोन आणि खर्ची पडतात तीन पातळ्या; कागदावर ही उधळपट्टीच दिसते. पण तिनं जे परत दिलं ते पाहून मला आजही थक्क व्हायला होतं. सिग्नलची बहुतेक ताकद निम्म्या वारंवारतेभोवती, 772 किलोहर्ट्झजवळ गोळा झाली. शेजारच्या जोडीत सिग्नल झिरपण्याचं प्रमाण वारंवारतेबरोबर वाढतं, म्हणून तेही घटलं. शिवाय दोन धन स्पंद लागोपाठ आले, मध्ये ऋण नाही, की समजायचं: वाटेत बिघाड झाला. चालू संभाषणाला धक्का न लावता तार स्वतःची चूक सांगू लागली.

जानेवारी 1962 च्या 'बेल सिस्टिम टेक्निकल जर्नल'मध्ये बेल लॅब्जच्याच एम. आर. ॲरन यांनी या प्रेषणाचं गणित मांडलं, तर जॉन मेयो यांनी रिपीटरची रचना. त्याच वर्षी शिकागोत या पद्धतीची, टी-वन नावाची सेवा सुरू झाली. आवाजासाठी बसवलेल्या लोडिंग कॉइल उंच वारंवारता अडवत, म्हणून त्या काढल्या. त्याही 6000 फुटांवरच होत्या, त्यामुळे रिपीटरना तयार जागा मिळाल्या.

एक दुखणं शिल्लक होतं. रिपीटर आपलं घड्याळ येणाऱ्या स्पंदांवरूनच जुळवतो. शून्यांची लांब ओळ आली की तार मुकी होते आणि घड्याळ भरकटतं. टी-वनमध्ये सगळीच शून्यं असलेला नमुना येऊच द्यायचा नाही, असं ठरलं. त्यासाठी एखादा बिट बदलावा लागे. आवाजात ते कळत नसे, पण संगणकाच्या आकड्यांत एक बिट बदलणं म्हणजे मजकूरच बदलणं.

त्यावरचा उपाय म्हणजे एचडीबी-3 नावाचा संकेत. सलग चार शून्यं आली की त्या चौकडीच्या शेवटी मुद्दाम नियम मोडणारा स्पंद घालायचा, आणि असे स्पंदही आलटून पालटून धन-ऋण ठेवायचे. पलीकडचं यंत्र तो ठरलेला नियमभंग ओळखतं आणि तिथे चार शून्यं परत लिहितं. युरोपनं आणि भारतानं 30 संभाषणांचा, सेकंदाला 20,48,000 बिटांचा ई-वन मार्ग स्वीकारला तो याच संकेतासह. बिघाड ओळखण्याची जी खूण होती, तीच तिथे घड्याळ चालू ठेवते.