तूर वाढताना पाहायची तर

बदनापूरच्या कृषी संशोधन केंद्राची बीडीएन ७११ ही तूर मराठवाड्यातल्या शेतकऱ्याला नवी नाही. पांढऱ्या दाण्याची, १५० ते १६० दिवसांत हाती येणारी. पण रोज बांधावर जाणाऱ्यालाही ती वाढलेली दिसते, वाढताना दिसत नाही. आपल्या डोळ्यांना तेवढा धीर नसतो.

तो धीर यंत्राकडून उसना घ्यायचा प्रयोग आपल्याकडे दादासाहेब फाळक्यांनी केला, तोही द्विदलावरच. १९१२ साली लंडनहून मागवलेल्या विल्यमसन कॅमेऱ्यासमोर त्यांनी कुंडीत वाटाणा लावला आणि थांबून थांबून एकेक चित्र टिपत ‘अंकुराची वाढ’ ही छोटीशी फीत केली. ती पाहून भांडवल देणाऱ्याची खात्री पटली आणि पुढच्या वर्षी ‘राजा हरिश्चंद्र’ पडद्यावर आला. म्हणूनच ही फीत बहुधा भांडवलाचा किस्सा म्हणून सांगितली जाते. माझ्या मते आपला प्रायोगिक चित्रपट तिथेच सुरू होतो.

फाळके रोज एकच चित्र घेत, असं सांगतात. हिशोब काही जुळत नाही. मूकपटांच्या काळात सेकंदाला साधारण १६ चित्रं लागत. महिन्याची ३० चित्रं दोन सेकंदांत संपणार. मिनिटभरासाठी ९६० हवीत, म्हणजे दिवसाला ३२. कॅमेरा हाताने फिरवायचा, तेव्हा माणूस जवळच हवा. उजेड कमी-जास्त झाला की चित्र लुकलुकतं, कुंडीला धक्का लागला की रोप पडद्यावर उडी मारतं. आणि दिवा एकाच बाजूला ठेवला तर कोंब तिकडेच झुकतो. निसर्ग टिपायला आणलेलं यंत्र निसर्गाला असं वळणही लावतं.

फ्रान्समध्ये जर्मेन द्युलाक यांनी १९२८च्या ‘तेम ए व्हारिआसियाँ’मध्ये नर्तकीच्या हालचालींशेजारी यंत्रं आणि वाढती रोपं ठेवली. ना कथा, ना पात्रं, नुसती लय. फाळके इथून पौराणिक कथांकडे वळले, द्युलाक कथेकडून इथे आल्या.

आता हे काम मोबाइल करतो. अर्ध्या तासाला एक चित्र धरलं तर १५५ दिवसांत ७,४४० चित्रं होतात. सेकंदाला २४च्या वेगाने पाच मिनिटं दहा सेकंद. बदनापूर परिसरातल्या शाळांनी येत्या खरिपात हे करून पाहावं. कुंडी आडोशाला ठेवा, दिवा वरून लावा, आणि काढणीपर्यंत मोबाइल जागचा हलवू नका.