हद्दीबाहेरची केएमटी

पाणी, गटारी, रस्ते, दिवाबत्ती, कचरा, स्मशानभूमी. महानगरपालिकेने करायलाच हवीत अशा कामांची यादी १९४९च्या कायद्यात दिली आहे. बस त्या यादीत नाही. ती पुढच्या, ऐच्छिक कामांच्या यादीत येते. म्हणजे जमलं तर करा. कोल्हापूर महापालिकेची बससेवा, केएमटी, गेली कित्येक दशकं या ‘जमलं तर’वरच धावते आहे.

कायद्याने बस सक्तीची केली नाही, पण चालवायची ठरवलीच तर तिचा संसार वेगळा मांडून दिला आहे. परिवहन समिती वेगळी, परिवहन व्यवस्थापक वेगळा, अंदाजपत्रक आणि निधीही वेगळा. कागदावर हे नीटनेटकं दिसतं. व्यवहारात मात्र रस्त्यावर खर्च झालेला पैसा ‘विकासकाम’ ठरतो आणि बसवर खर्च झालेला पैसा ‘तोटा’. रस्त्याला तिकीट नसतं, त्यामुळे तो नफ्यात आहे की तोट्यात, असा प्रश्नच कुणाला पडत नाही. बसचा हिशेब रोजचा रोज होतो: किती फेऱ्या झाल्या, किती किलोमीटर पडले, किलोमीटरमागे किती रुपये आले. त्यातून पगार, इंधन आणि सुटे भाग भागले नाहीत की केएमटीला महापालिकेच्या तिजोरीकडे हात पसरावा लागतो.

ते भागत का नाहीत, हे समजायला मोठं गणित लागत नाही. सकाळी कॉलेजकडे आणि एमआयडीसीकडे जाणारी बस दारात लोंबकळणाऱ्यांसह भरते, तीच परतताना निम्मी रिकामी असते. भरलेल्या बसमध्येही अनेकांकडे सवलतीचा पास असतो. शेजारी उभं असलेलं वडाप, म्हणजे खासगी प्रवासी वाहन, प्रवासी भरल्याशिवाय हलत नाही. गर्दीची वेळ आणि गर्दीचा रस्ता तेवढा ते उचलतं. केएमटीला दुपारी एकच्या उन्हातही चार प्रवासी घेऊन वेळेवर सुटावं लागतं, कारण तिने वेळापत्रक दिलेलं असतं. गाड्या जुन्या झाल्या की त्या रस्त्यावर कमी आणि वर्कशॉपमध्ये जास्त दिसू लागतात. फेऱ्या विरळ होतात, थांब्यावर ताटकळून कंटाळलेला माणूस हप्त्याने दुचाकी घेतो आणि उत्पन्न आणखी घटतं. मग उत्पन्न कमी म्हणून फेरी बंद करायची! शहर बससेवा बहुतेक ठिकाणी अशाच खंगतात. भाडेवाढीने हा रोग बरा होत नाही, हे स्पष्ट म्हणायला हवं.

कोल्हापुरात यात हद्दवाढीचा, म्हणजे आसपासची गावं शहरात घेण्याचा, तिढाही मिसळला आहे. १९७२ साली नगरपालिकेची महानगरपालिका झाली, पण हद्द पुढे अनेक दशकं जवळपास ६७ चौरस किलोमीटरच राहिली. २०११च्या जनगणनेत शहराची लोकसंख्या साडेपाच लाखांच्या आसपास होती. वस्ती हद्दीत मावली नाही. उचगाव, पाचगाव, कळंबा, गांधीनगर हे सगळं पाहणाऱ्याला शहरच वाटतं. कारभार मात्र ग्रामपंचायतीचा. केएमटी ही रेषा ओलांडून थेट कागलपर्यंत जाते.

म्हणूनच हद्दवाढीचा वाद पेटला की पहिला रोख केएमटीवर येतो. गावांचा विरोध घरफाळ्याच्या आणि जमिनीवर पडणाऱ्या आरक्षणांच्या भीतीने असतो, आणि ती भीती अगदीच पोकळ नाही. त्यावर हद्दवाढ समर्थकांचं उत्तर ठरलेलं: शहराची बस हवी, शहराचा कर नको, तर मग त्या गावांची केएमटी बंद करा. ऐकायला रोखठोक. पण गावाकडची माणसं शहरात येतात ती गुजरीत, लक्ष्मीपुरीत खरेदीला, सीपीआर रुग्णालयात औषधपाण्याला, कामाला आणि शिकायला. बस बंद केली म्हणून ती घरी बसणार नाहीत. दुचाकीवरून येतील, आणि महाद्वार रोडवर आधीच वाहन लावायला जागा नाही.

पावसाळ्यात केएमटीची हीच हद्दीबाहेरची वाट सगळ्यात आधी तुटते. राजाराम बंधाऱ्यावर पंचगंगेची इशारा पातळी ३९ फूट, धोका पातळी ४३. पाणी चढू लागलं की कसबा बावड्याहून शियेकडे जाणाऱ्या रस्त्यासारखे मार्ग एकेक करून बंद होतात. २०१९च्या महापुरात पाणी ५५ फुटांच्या वर गेलं आणि शिरोलीजवळ पुणे-बंगळुरू महामार्गही बंद पडला.

बस चालवण्यासाठी इतर शहरांनी वेगळ्या वाटा चोखाळल्या. नाशिकची शहर बस वर्षानुवर्षे एसटी चालवत होती; जुलै २०२१पासून ती महापालिकेच्या स्वतंत्र कंपनीकडे आली. छत्रपती संभाजीनगरने २०१९मध्ये स्मार्ट सिटी योजनेतून बस आणल्या, पण चालक-वाहक एसटीचे घेतले. २०२१च्या अखेरीस एसटीचा संप झाला तेव्हा शहर बसही अडकली आणि पुढे माजी सैनिकांना स्टिअरिंगवर बसवावं लागलं.

आता कोल्हापूरचा भरवसा ‘पीएम ई-बस सेवा’ योजनेवर आहे. केंद्राने ऑगस्ट २०२३मध्ये देशासाठी १०,००० इलेक्ट्रिक बस मंजूर केल्या. त्यातल्या १०० कोल्हापूरच्या वाट्याच्या. गाडी आणि चालक ठेकेदाराचे, पैसे किलोमीटरवर. १२ मीटर लांबीच्या बसला केंद्राकडून किलोमीटरमागे २४ रुपये मदत मिळते, वरचा भार स्थानिक. इथे बस भरून जावो की रिकामी, धावलेल्या किलोमीटरचं बिल येणारच. त्यामुळे आखणी करताना पहिली कात्री लांबच्या, कमी गर्दीच्या फेऱ्यांवर चालवण्याचा मोह होईल, आणि कोल्हापुरात त्या फेऱ्या नेमक्या हद्दीबाहेरच्या आहेत. केंद्राच्या मदतीची मुदत १० वर्षं आहे.