केबल ट्रे घेताना रुंदीत कंजुषी नको

कापडाच्या धंद्यातला माणूस सूत बोटांत धरून काउंट सांगतो, यंत्र घेताना दहा ठिकाणी चौकशी करतो. पण त्याच यंत्राला वीज नेणाऱ्या केबली छपराखाली कशावर टेकल्या आहेत, हे मान वर करून पाहत नाही. आम्हीही पाहिले नव्हते. पालघर-बोईसर रस्त्यावरील कोळगाव, जिथे २०२१ साली नव्या जिल्ह्याचे मुख्यालय सुरू झाले, तिथल्या आमच्या शेडमध्ये कंत्राटदाराने सहा केबली ३०० मिलिमीटरच्या ट्रेवर एकमेकींना चिकटवून टाकल्या. काम दिसायला सुबक होते. मे महिन्यात वायरमनने केबलीवर हात ठेवला आणि लगेच मागे घेतला. अल्लाहच्या कृपेने आग लागली नाही, पण दोन केबली बदलाव्या लागल्या आणि ट्रेवर वाचवलेले पैसे त्यात कितीतरी पटींनी गेले.

चूक कुठे झाली ते आमच्या कारागीर बंधूंनी समजून घ्यावे, म्हणून हिशेबच मांडतो. समजा, पीव्हीसी केबलीचा बाहेरचा व्यास ४० मिलिमीटर आहे आणि कंपनीच्या तक्त्यात तिची क्षमता २०० अँपिअर लिहिली आहे. हा आकडा एकट्या केबलीचा, तोही भोवतालची हवा ४० अंश असताना. सहा केबली छिद्रांच्या ट्रेवर चिकटून ठेवल्या की प्रत्येकीची क्षमता ७३ टक्क्यांवर येते. पत्र्याखाली उन्हाळ्यात हवा ५० अंशांवर गेली तर त्याच्याही ८२ टक्केच उरतात. म्हणजे २०० चे राहिले १२० अँपिअर! आमचा भार १४० होता.

त्याच केबली एकमेकींपासून एक-एक व्यास अंतर सोडून ठेवल्या असत्या, तर ७३ ऐवजी ९१ टक्के मिळाले असते आणि त्याच उन्हाळ्यात प्रत्येकीने १४९ अँपिअर सुखाने वाहून नेले असते. तीच केबल, तोच पत्रा; फरक फक्त मोकळ्या जागेचा.

आता रुंदी पाहू. सहा केबलींचे २४० आणि मधल्या पाच फटींचे २०० मिळून ४४० मिलिमीटर. पुढे एखादे यंत्र वाढणारच, म्हणून चौथा हिस्सा जादा धरला तर ५५०. बाजारात १००, १५०, ३००, ४५०, ६०० अशी मापे मिळतात. तेव्हा ६०० चा ट्रे घ्यावा. ३०० चा ट्रे स्वस्त पडतो हे खरे, पण मग केबल एक माप जाड घ्यावी लागते, आणि केबल ट्रेपेक्षा महाग असते.

वजनाकडेही दुर्लक्ष नको. मीटरला ३ किलो धरले तरी सहा केबलींचे १८ किलो झाले, ट्रेचे वजन वेगळे. आधार दीड मीटरवर द्यावेत. तीन मीटरवर दिले तर ट्रेचे लोंबणे दुप्पट नव्हे, सोळापट होते. वळणावर केबल तिच्या व्यासाच्या बारापटीपेक्षा कमी त्रिज्येत वाकवू नये. ४० मिलिमीटरच्या केबलीला ४८० ची त्रिज्या हवी. ३०० त्रिज्येचा तयार कोपरा कुणी दिला तर परत करावा.

ट्रे कोणत्या जातीचा? जड केबलींना शिडीचा ट्रे बरा, कारण हवा खालून-वरून खेळते. बारीक केबलींना छिद्रांचा. आमच्या धंद्यात मात्र एक जादा दुश्मन आहे, तो म्हणजे कापसाचे उडते तंतू. आडव्या ट्रेवर ते रजईसारखे साचतात. उष्णता अडवतात आणि ठिणगी पडली की पेटतात. झाकण घातले तर तंतू थांबतात, पण हवाही थांबते. म्हणून माग किंवा सूत असलेल्या शेडमध्ये शिडीचा ट्रे भिंतीला लावून उभ्या कडेवर बसवावा, केबली क्लॅम्पने आवळाव्यात आणि झाडू छपराखालपर्यंत नेण्याची सवय लावावी.

किनाऱ्याच्या खाऱ्या हवेत साध्या जस्ती पत्र्याच्या ट्रेची कापलेली कड आणि छिद्रे लवकर गंजतात. सगळी छिद्रे पाडून झाल्यावर वितळलेल्या जस्तात बुडवलेला ट्रे मागावा. जागेवर कापावे लागले तर कड कानसाने घासून जस्ताचा रंग लावावा, नाहीतर तीच धार केबलीला कापते. तारापूरच्या रसायन कारखान्यांशेजारी, जिथे आम्लाच्या वाफा येतात, तिथे जस्तही टिकत नाही. तिथे फायबरचा ट्रे घ्यावा. लोखंडी ट्रेच्या प्रत्येक सांध्याला तांब्याची पट्टी जोडून अर्थिंग सलग ठेवावे. नुसत्या बोल्टवर भरवसा नको.

राहिला भिंतीतून केबली पलीकडे नेण्याचा प्रश्न. इथे आमच्या लोकांची बेफिकिरी फार. भोक पाडतात, केबली नेतात आणि उरलेल्या जागेत चिंध्या किंवा फोम कोंबतात. अमेरिकेत अलाबामा राज्यातील ब्राउन्स फेरी अणुवीज केंद्रात, म्हणजे आपल्या तारापूरच्या पहिल्या दोन भट्ट्यांप्रमाणेच जनरल इलेक्ट्रिक कंपनीने दिलेल्या केंद्रात, २२ मार्च १९७५ रोजी एक कामगार अशाच भोकातून हवा गळते का, हे मेणबत्ती धरून पाहत होता. फोमने पेट घेतला आणि आग ट्रेवरून पसरत गेली. १,६०० हून अधिक केबली खराब झाल्या. आपल्याकडे उत्तर प्रदेशात नरोरा येथे ३१ मार्च १९९३ रोजी टर्बाइनची पाती तुटून आग लागली, ती केबलींवरून पुढे गेली. नेहमीच्या आणि राखीव विजेच्या केबली पुरेशा वेगळ्या नसल्याने सगळी वीज गेली आणि केंद्र सुमारे १७ तास अंधारात राहिले. एवढ्या मोठ्या केंद्रांची ही गत, तर आमच्या पत्र्याच्या शेडचे काय! तवक्कुल आहेच, पण उंट आधी बांधायचा असतो.

म्हणून भोक आगरोधक मसाल्याने बुजवावे. मोटरीच्या आणि नियंत्रणाच्या केबली वेगळ्या ट्रेवर न्याव्यात. जनरेटरची केबल मुख्य केबलीच्या ट्रेवर नको, तिला दुसरी वाट द्यावी.

काम परवानाधारक कंत्राटदारालाच द्यावे, पण कोटेशन घेताना त्याच्याकडून चार गोष्टी लिहून घ्याव्यात: ट्रेची रुंदी व पत्र्याची जाडी, आधारांचे अंतर, केबलींमधील फट आणि चिकटून ठेवल्यास धरलेली क्षमता. चौथ्या प्रश्नावर जो हसून विषय बदलतो, त्याला बयाणा देऊ नये. आम्ही दिला होता.