पोट लपवू नका, तपासून घ्या

बोरीवलीच्या इमारतींमध्ये आपल्या वस्त्यांतल्या कितीतरी लेकी धुणीभांडी, स्वयंपाक करतात. त्यातली एखादी लग्नाआधी गरोदर राहिली की काम सुटते, घरचे तोंड फिरवतात, नळावर कुजबुज सुरू होते. पोर मग पोट लपवते. खरा धोका तिथेच सुरू होतो.

1863 साली पुण्यात काशीबाई ही तरुण विधवा गोवंडे यांच्या घरी स्वयंपाकाला होती. फसवणुकीतून तिला दिवस गेले. लोकलाजेपायी तिने बाळ मारून विहिरीत टाकले. तिला काळ्या पाण्याची शिक्षा झाली. त्यानंतर जोतिराव-सावित्रीमाईंनी बालहत्या प्रतिबंधक गृह काढले. अडलेल्या विधवेचे बाळंतपण तिथे गुप्तपणे, सुखरूप होई. अशाच एका मातेचा यशवंत त्यांनी दत्तक घेतला. तो पुढे डॉक्टर झाला.

आज काय करावे? पाळी चुकली की लगेच तपासणी करावी. मूल ठेवायचे असेल तर 12 आठवड्यांच्या आत नाव नोंदवावे. रक्त, लघवी, रक्तदाब तपासला जातो. लोहाच्या गोळ्या, धनुर्वाताचे इंजेक्शन मिळते. रक्तस्राव, तोंडा-हातावर सूज, सतत डोकेदुखी, डोळ्यांपुढे अंधारी किंवा झटके आले तर 108 ला फोन करून थेट रुग्णालय गाठावे. कांदिवलीचे डॉ. बाबासाहेब आंबेडकर रुग्णालय, म्हणजे आपले शताब्दी, जवळच आहे.

मूल नको असेल तर दुकानातून परस्पर गोळ्या आणून खाऊ नयेत. मान्यताप्राप्त केंद्रात 20 आठवड्यांपर्यंत एका डॉक्टरांच्या मताने गर्भपात करता येतो. 20 ते 24 आठवड्यांसाठी दोन डॉक्टर लागतात, आणि अविवाहितेलाही तो हक्क आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने 2022 साली सांगितले. 18 वर्षांवरील बाईला दुसऱ्या कुणाची संमती लागत नाही. नाव गुप्त ठेवणे बंधनकारक आहे. जबरदस्ती झाली असेल तर कोणतेही रुग्णालय मोफत उपचार नाकारू शकत नाही.

बाळाच्या जन्मदाखल्यासाठी कुमारी मातेचे प्रतिज्ञापत्र पुरते. बापाचे नाव सांगण्याची सक्ती नाही. हा 2015 चा निकाल आहे.

बाबासाहेबांनी 1928 साली मुंबई विधिमंडळात कामगार बायांच्या प्रसूती लाभाच्या विधेयकाला पाठिंबा दिला. घरकाम करणारीला मात्र आजही पगारी बाळंतरजा नाही. म्हणून घरेलू कामगार कल्याण मंडळात नोंदणी करून घ्यावी.

आणि आपण? "कुणाचं आहे?" हे विचारण्याआधी "जेवलीस का? तपासून आलीस का?" एवढे विचारूया. तिच्यासोबत दवाखान्यात एक बाई गेली, तरी दोन जीव वाचतात.