एपिक्युरसच्या माथी मारलेली चैन

सुखावर व्याख्यान सुरू झाले की थोड्याच वेळात एपिक्युरसचे नाव येते आणि 'खा, प्या, मजा करा' हे शब्द त्याच्या तोंडी घातले जातात. हे वारंवार ऐकून संताप येतो, कारण त्याच्या उपलब्ध लेखनात असे काही नाही. जवळपास त्याच अर्थाचे शब्द सापडतात ते बायबलमधल्या यशयाच्या ग्रंथात, आणि तिथेही ते निषेधासाठीच आले आहेत.

इ.स.पू. ३४१ मध्ये जन्मलेल्या या ग्रीक तत्त्वज्ञाने अथेन्समध्ये एका बागेत शाळा चालवली. सुख हेच जीवनाचे ध्येय, असे तो निःसंदिग्धपणे म्हणतो. पण कोणते सुख? मेनोइकियसला लिहिलेल्या पत्रात तो मद्याच्या बैठका आणि चमचमीत ताटे स्पष्ट शब्दांत बाजूला काढतो. शरीराला वेदना नको, मनाला घोर नको, एवढीच त्याची मागणी. भुकेल्याला भाकरी आणि पाणीही परमसुख देते, असे तो तिथेच लिहितो. त्याचा चरित्रकार डायोजिनीस लाएर्शियस सांगतो, की मनात येईल तेव्हा मेजवानी करता यावी म्हणून एपिक्युरसने मित्राकडे मागवले काय, तर चीजचे एक लहानसे भांडे!

मग बदनामी कशी झाली? बागेत स्त्रियांना आणि गुलामांनाही प्रवेश होता. निंदकांना तेवढे पुरले. विरोधी स्टोइक पंथातल्या डायोटिमस नावाच्या माणसाने तर त्याच्या नावावर ५० अश्लील पत्रे खपवली, अशी नोंद लाएर्शियसनेच केली आहे. उलट सेनेका स्वतः स्टोइक असूनही एपिक्युरसची शिकवण सरळ आणि कठोर असल्याची ग्वाही देतो. विरोधी गोटातली ही साक्ष तरी मानायला हवी.

आपल्याकडे चार्वाकाचे हेच झाले. कर्ज काढून तूप पिण्याचा श्लोक त्याला चिकटला तो चौदाव्या शतकातल्या 'सर्वदर्शनसंग्रहा'मुळे, म्हणजे वेदान्ती माधवाचार्यांच्या ग्रंथामुळे. चार्वाकांचे मूळ ग्रंथ आज उपलब्धच नाहीत.

आणखीही काही समज आहेत. स्टोइक भावनाशून्य होते? नाही, ज्ञानी माणसाचा आनंद त्यांना मान्य होता. बुद्धाने फक्त दुःख सांगितले? चार आर्यसत्यांतले तिसरे दुःखनिरोधाचेच आहे. इंग्रज तत्त्वज्ञ मिलचा उपयुक्ततावाद म्हणजे स्वार्थ? स्वतःचे सुख इतरांच्या सुखापेक्षा जास्त मोजू नये, असे तो बजावतो.

मेनोइकियसला लिहिलेले पत्र अगदी छोटे आहे, एका बैठकीत संपते. व्याख्यात्यांनी एपिक्युरसचे नाव घेण्याआधी ते एकदा वाचावे.