कंजूषाची कवडी आणि चाळीस नाणी

एका कंजूषाकडे याचक आला. फारच विनवण्या केल्या तेव्हा कंजूषाने हिशोब मांडला. अर्ध्या द्रम्माचे दोन तृतीयांश, त्याचे तीन चतुर्थांश, त्याचा पाचवा हिस्सा, त्याचा सोळावा आणि त्याचाही पाव. एवढं दान करून तो मोकळा झाला. तर त्याने याचकाला कवड्या किती दिल्या? भास्कराचार्यांनी हा प्रश्न ११५० साली रचलेल्या 'लीलावती'त घातला आहे. प्राथमिक शाळेतल्या नाण्यांच्या शाब्दिक उदाहरणांचा विषय निघाला की मी आधी इथे येऊन थांबतो, आणि संपादकांनी जागा दिली आहे तर आजही थांबणार.

'लीलावती'च्या आरंभीच नाण्यांचं कोष्टक आहे. वीस कवड्यांची एक काकिणी, चार काकिणींचा पण, सोळा पणांचा द्रम्म, सोळा द्रम्मांचा निष्क. आता कंजूषाच्या मागे जाऊ. अर्ध्याचे दोन तृतीयांश म्हणजे एक तृतीयांश, त्याचं पाऊण म्हणजे पाव द्रम्म. पावाचा पाचवा हिस्सा म्हणजे विसावा भाग. त्याचा सोळावा म्हणजे ३२०वा आणि त्याचा पाव म्हणजे १२८०वा. द्रम्माच्या कवड्या किती? वीस गुणिले चार गुणिले सोळा, म्हणजे १२८०. याचकाच्या हातावर एक कवडी पडली, फक्त एक!

विनोद तर आहेच, पण मला त्यातली कारागिरी जास्त आवडते. शेवटी आलेले भाग पुन्हा पाहा: विसावा, सोळावा, पाव. कोष्टकातलेच आकडे, नुसते पुढेमागे केलेले. गुरुजींनी कोष्टक पाठ करून घेतलं, मग तेच मोडून अपूर्णांकांच्या गोष्टीत लपवलं. ज्याला कोष्टक तोंडपाठ आहे त्याला मधला गुणाकारही करावा लागत नाही. उदाहरण कसं रचावं याचा याहून चांगला धडा माझ्या पाहण्यात नाही.

या नादापायी मी चाळीसगावजवळच्या पाटणादेवीलाही जाऊन आलो. गौताळा अभयारण्याचा हिरवा डोंगर, वर पितळखोऱ्याची लेणी, खाली देवीचं देऊळ. भास्कराचार्यांचं गाव नेमकं कोणतं यावर विद्वानांचे वाद आहेत, त्यात मी पडत नाही. पण त्यांचा नातू चांगदेव याने आजोबांचे ग्रंथ शिकवण्यासाठी मठ काढला, तो या पाटणला. तसं सांगणारा तेराव्या शतकाच्या सुरुवातीचा शिलालेख डॉ. भाऊ दाजी लाड यांनी उजेडात आणला. लेखातल्या मराठी भागात मठाचं उत्पन्न नेमून दिलं आहे. गिऱ्हाइकाकडून सुपाऱ्या, तेलाच्या घाण्यामागे पळी पळी तेल. गणिताची शाळा बाजाराच्या खुर्द्यावर चालावी, यापेक्षा रास्त सोय कोणती!

पुढचा इतिहास भराभर सांगतो. रुपयाचे सोळा आणे, आण्याचे चार पैसे, पैशाच्या तीन पै, म्हणजे रुपयाच्या १९२ पै. चवली दोन आण्यांची, पावली चार आण्यांची, अधेली आठ आण्यांची. १ एप्रिल १९५७ला दशमान पद्धत आली आणि शंभर नव्या पैशांचा रुपया झाला. एका आण्याचे सव्वासहा पैसे होत, पण कोष्टकात एका आण्याला सहा, दोन आण्यांना बारा, तीन आण्यांना एकोणीस आणि चार आण्यांना पंचवीस असे आकडे धरले होते. म्हणजे आण्याआण्याच्या चार वस्तू सुट्या घेतल्या तर चोवीस पैसे, एकदम घेतल्या तर पंचवीस. यावर एखादं फर्मास उदाहरण पाठ्यपुस्तकात हवं होतं. १९६४ साली 'नवे' हा शब्द गेला आणि ३० जून २०११नंतर चाराण्याचं नाणं चलनातून बाद झालं. गाइडांच्या थैल्यांतून मात्र ते अजून गेलेलं नाही.

अशी ही थैली. तिच्यात ५० आणि २५ पैशांची मिळून ४० नाणी आहेत, एकूण रक्कम १४ रुपये, तर प्रत्येक प्रकारची नाणी किती? चौथी-पाचवीतल्या मुलांना हे विचारलं की दोघेतिघे हमखास ५४ म्हणतात. समोर ४० आणि १४ दिसले, केली बेरीज. मुलं ढ नसतात. नाण्यांच्या उदाहरणात दोन मोजण्या एकाच वेळी चालू असतात, नाणी किती आणि किंमत किती. या दोन वेगळ्या ठेवायच्या असतात हे त्यांना कुणी नाणी हातात देऊन दाखवलेलंच नसतं. हल्ली दुकानातही स्कॅनर लावलेला असतो, मोड मोजून घ्यायची वेळ पोरांवर येतच नाही.

सोडवायची जुनी रीत अशी. समजा, सगळी नाणी २५ पैशांचीच आहेत. चाळीसांचे झाले १० रुपये. हवेत १४. चार रुपये, म्हणजे ४०० पैसे कमी पडले. एक चाराण्याचं काढून त्या जागी आठाण्याचं ठेवलं तर नाणी तेवढीच राहतात, रक्कम २५ पैशांनी वाढते. अशा अदलाबदली किती हव्यात? ४०० भागिले २५, सोळा. तर आठाण्याची १६, चाराण्याची २४. पडताळा: आठ रुपये आणि सहा रुपये, चौदा. सोयीची संख्या गृहीत धरून खऱ्या उत्तरापर्यंत जायची युक्ती 'लीलावती'त इष्टकर्म नावाने येते. आपली रीत तिच्या नात्यातली म्हणायला हरकत नाही.

शिष्यवृत्तीच्या शिकवण्यांत हेच उदाहरण 'क्ष' मानून सोडवायला लावतात, ते मला मुळीच पसंत नाही. बीजगणित वाईट नाही. पण दहा वर्षांच्या मुलाला 'क्ष' दिसत नाही, चाराण्याचं काढून आठाण्याचं ठेवणं मात्र दिसतं. समीकरण आठवीत येऊ द्या की, घाई कसली?

एका जिल्हा परिषद शाळेत गेलो होतो, तिथल्या बाई खरी नाणी घेऊन गणित शिकवत. एक, दोन आणि पाच रुपयांची नाणी टेबलावर मांडून त्यांनी विचारलं, "दहा नाण्यांत पंचवीस रुपये करून दाखवा." बाईंच्या वहीत उत्तर लिहिलेलं होतं: एकाचं एक, दोनाची सात, पाचाची दोन. एका मुलीने ते बरोबर मांडलं आणि जागेवर न जाता नाण्यांशी चाळा करत राहिली. दोनाची चार नाणी बाजूला काढली, त्यांच्या जागी पाचाचं एक आणि एकाची तीन ठेवली. "बाई, असं पण होतंय."

बाईंनी दोनदा मोजलं. एकाची चार, दोनाची तीन, पाचाची तीन. नाणी दहा, रुपये पंचवीस. आठ रुपये काढून आठच घातले होते आणि चार नाण्यांच्या जागी चारच ठेवली होती, म्हणून दोन्ही मोजण्या जागच्या जागी राहिल्या. वर्गात लगेच तिसऱ्या उत्तराची शोधाशोध सुरू झाली. मुलीने पुन्हा दोनाची नाणी काढायला घेतली, तर तीनच उरली होती. पहिल्या मांडणीपासून उलटं जायचं म्हटलं तर एकाची तीन नाणी हवीत आणि तिथे होतं एकच. बाईंनी वहीतल्या उत्तराखाली दुसरं लिहिलं आणि रेघ ओढली.