नाट्यपरीक्षक बर्नार्ड शॉ

बर्नार्ड शॉ म्हटले की मराठी वाचकाला त्याची नाटके, त्या नाटकांना जोडलेल्या प्रदीर्घ प्रस्तावना आणि ‘पिग्मॅलियन’वरून पु. ल. देशपांडे यांनी रचलेली ‘ती फुलराणी’ आठवते. परंतु नाटककार म्हणून सर्वमान्यता लाभण्यापूर्वी सुमारे साडेतीन वर्षे दर आठवड्यास त्याने जी नाट्यपरीक्षणे लिहिली, त्यांचा परिचय आपल्याकडे फारच थोड्यांना आहे. परीक्षकाच्या अंगी काय असावे, याचा विचार ज्याला करावयाचा आहे त्याने हे लेखन अवश्य वाचावे.

1856 साली डब्लिन येथे जन्मलेला हा आयरिश तरुण 1876 मध्ये लंडनला आला, पाच कादंबऱ्या लिहून प्रकाशकांकडून नकार घेत राहिला आणि ब्रिटिश म्युझियमच्या वाचनालयात बसून आपले शिक्षण आपणच पुरे करीत राहिला. तेथे कार्ल मार्क्सचा ग्रंथ आणि वाग्नरच्या संगीतनाटकाची स्वरलिपी एकाच वेळी समोर ठेवून वाचणाऱ्या या विलक्षण वाचकाकडे विल्यम आर्चर या प्रतिष्ठित परीक्षकाचे लक्ष गेले व त्याच्या शिफारशीने शॉला वृत्तपत्रांत काम मिळू लागले. प्रथम ग्रंथ, मग चित्रे, पुढे संगीत, अशी उमेदवारी झाल्यावर फ्रँक हॅरिस या संपादकाने जानेवारी 1895 पासून ‘सॅटर्डे रिव्ह्यू’ या साप्ताहिकाचे नाट्यपरीक्षण आठवड्यास सहा पौंड वेतनावर त्याच्या स्वाधीन केले.

त्या काळच्या लंडनच्या रंगभूमीवर वैभवाची वाण नव्हती. वाण होती ती विचाराची. सार्दू या फ्रेंच नाटककाराच्या धर्तीवरची, हरवलेली पत्रे आणि अवचित उघडणारी दारे यांवर चालणारी कथानके प्रेक्षकांना रिझवीत होती, तर लायसियम नाट्यगृहाचा सर्वाधिकारी हेन्री इर्व्हिंग शेक्सपियरच्या संहितांना वाटेल तशी कात्री लावून नेत्रदीपक प्रयोग सादर करीत होता. इब्सेनची नाटके नॉर्वेहून येऊन पोहोचली होती, पण बहुतेक परीक्षकांनी त्यांची संभावना अश्लील व अमंगल म्हणून केली होती. 1891 सालीच इब्सेनवर स्वतंत्र पुस्तक लिहिणाऱ्या शॉने परीक्षकाचे आसन ग्रहण केले ते निःपक्षपाताची शपथ घेऊन नव्हे. आपले लेखन म्हणजे जुन्या रंगभूमीला घातलेला वेढा होता, असे त्याने पुढे स्वतःच नमूद करून ठेवले.

तथापि पक्ष घेणे म्हणजे डोळे मिटणे नव्हे. 1895 च्या जून महिन्यात सारा बर्नहार्ट आणि एलेओनोरा ड्यूझ या दोन जगद्विख्यात नटी लंडनमध्ये सुडरमानच्या एकाच नाटकात एकच भूमिका करीत होत्या. बर्नहार्टचे रंगभूषेने सजविलेले सौंदर्य आणि प्रेक्षकांना मोहविण्याची तिची कला मान्य करूनही, ती भूमिकेत शिरत नाही, भूमिकेच्या जागी स्वतःलाच उभी करते, असा निर्वाळा शॉने दिला. उलट पूर्वीचा प्रियकर अकस्मात समोर येताच ड्यूझच्या मुखावर हळूहळू पसरत गेलेली लज्जेची खरीखुरी लाली त्याने टिपली. अभिनयाचा क्षण शब्दांत असा पकडल्यामुळेच, तो प्रयोग न पाहिलेल्या आपल्यासारख्यांनाही त्या निर्णयाची कारणे कळतात.

त्याच्या सचोटीची कसोटी इर्व्हिंगच्या बाबतीत लागली. शॉची नेपोलियनवरील एकांकिका इर्व्हिंगच्या विचाराधीन होती आणि लायसियमची प्रमुख नटी एलेन टेरी हिच्याशी त्याचा स्नेहपूर्ण पत्रव्यवहार चालू होता. ‘सिंबेलीन’मधील इमोजेनच्या भूमिकेविषयी त्याने तिला पत्रांतून बारकाईने मसलत दिली, मात्र सप्टेंबर 1896 मध्ये प्रयोग झाल्यावर शेक्सपियरचा किंवा इर्व्हिंगचा काडीचाही मुलाहिजा ठेवला नाही. पुढे ‘रिचर्ड तिसरा’वरील परीक्षण इर्व्हिंगला झोंबले आणि 1897 मध्ये ती एकांकिका परत आली. भीडमुर्वत सांभाळली असती तर तिचा प्रयोग कदाचित होताही. पण आपली लेखणी त्या मोबदल्यात गहाण टाकणे शॉला मंजूर नव्हते.

त्याचे सर्वच निर्णय काळाने कायम केले नाहीत. ऑस्कर वाइल्डचे ‘द इंपॉर्टन्स ऑफ बीइंग अर्नेस्ट’ त्याला हसवूनही हृदयशून्य वाटले, आणि तेच नाटक आज इंग्रजी विनोदी नाट्याचे भूषण गणले जाते. परंतु हा निर्णय देतानाही आपल्याला काय खटकले हे त्याने उघडपणे सांगितले. म्हणूनच वाचकाला त्याच्याशी वाद घालता येतो.

मे 1898 मध्ये पायाचे दुखणे आणि कामाचा शीण यांमुळे त्याने निरोपाचा लेख लिहिला व आपली जागा मॅक्स बिअरबोम याच्या हाती सोपविली. ही परीक्षणे पुढे तीन खंडांत संग्रहित झाली. त्याच सुमारास आपल्याकडे श्रीपाद कृष्ण कोल्हटकर हेही ‘विविधज्ञानविस्तारा’तील नाट्यपरीक्षणाने नाव मिळवून नाटककार झाले होते, त्यांचे ‘वीरतनय’ किर्लोस्कर मंडळीने 1896 साली रंगभूमीवर आणले. मराठी नाट्यपरीक्षणाची परंपराही अशी जुनी आणि मानाची आहे. ती पुढे चालविणाऱ्यांनी शॉची मते उचलण्याचे कारण नाही. रंगभूमी कशी असावी याची स्वतःची कल्पना, ती उघड बोलण्याचे धैर्य आणि समोरचा प्रयोग डोळसपणे पाहण्याची सवय, या तीन गोष्टी त्याच्यापासून घ्याव्यात आणि वाचकांनीही परीक्षकाकडून यांहून कमी काही स्वीकारू नये.